पंचवीस सेकंदांची चावी: ज्याँ रूश यांच्या चित्रणपद्धतीची पार्श्वभूमी

मालीतल्या बांदियागाराच्या कड्यांवर राहणाऱ्या दोगोन लोकांचा सिगी हा विधी दर साठ वर्षांनी येतो. एकदा सुरू झाला की सात वर्षं तो दरवर्षी नव्या गावात जातो. मागचा सिगी १९६७ मध्ये सुरू झाला, पुढचा २०२७ मध्ये आहे. मागच्या सिगीचं चित्रण फ्रेंच माहितीपटकार ज्याँ रूश आणि मानववंशशास्त्रज्ञ जर्मेन दिएतेर्लेन यांनी केलं. रूश यांची पद्धत त्याआधीच्या वीस वर्षांत घडली होती, आणि बरीचशी यंत्रांच्या अडचणींतून. ‘सिनेमा व्हेरितेचे’, म्हणजे खऱ्या माणसांना हलक्या कॅमेऱ्याने त्यांच्या आवाजासकट टिपणाऱ्या माहितीपटांचे, ‘जनक’ एवढं म्हणून त्यांना हातावेगळं करायची सवय आहे. त्यात हलक्या कॅमेऱ्याला जरा जास्तच श्रेय मिळतं.

रूश यांचा जन्म १९१७ चा, शिक्षण स्थापत्य अभियांत्रिकीचं. १९४१ मध्ये ते रस्ते बांधायला नायजरला गेले. तिथे कामावर वीज पडून दहा मजूर दगावले. त्यांच्या हाताखालच्या दामूरे झिका या तरुणाच्या आजीने, कालियाने, वीजदेवता दोंगोच्या शांतीचा विधी केला. त्यात माणसांच्या अंगात आलं. रूश टिपणं काढत होते, पण हे वहीत मावणारं नव्हतं.

१९४६-४७ मध्ये ते दोन मित्रांसह नायजर नदीतून उगमापासून मुखापर्यंत गेले. सोबत पॅरिसच्या जुन्या बाजारातून घेतलेला बेल अँड हॉवेलचा १६ मिलिमीटरचा कॅमेरा होता. तिवई प्रवासाच्या सुरुवातीलाच नदीत गेली. मग कॅमेरा हातात धरण्यावाचून गत्यंतर उरलं नाही. हातात धरलेल्या कॅमेऱ्याला लांब पल्ल्याची लेन्स लावली की मनगटाचा थरथराट पडद्यावर भूकंपासारखा दिसतो. त्यामुळे रुंद कोनाची लेन्स लावायची आणि स्वतःच जवळ जायचं, हा एकच मार्ग. झूमशी त्यांचं पुढेही कधी जमलं नाही.

दुसरी मर्यादा चावीची. हा कॅमेरा घड्याळासारखा स्प्रिंगवर चाले. एका चावीत साधारण पंचवीस सेकंदांचा शॉट मिळे, की पुन्हा चावी. शंभर फुटांचं रीळ सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने पावणेतीन मिनिटांत संपे. म्हणजे रिळामागे सहा-सात शॉट. तासन्‌तास चालणाऱ्या विधीत पुढे काय घडणार हे आधीपासून ठाऊक असल्याशिवाय हातात काही लागत नसे. चावी देताना पुढचा शॉट ठरवायचा, म्हणजे संकलन जागेवरच होऊ लागलं. आवाजाची बाजू मात्र लंगडी होती. कॅमेऱ्याची घरघर मोठी, आणि स्प्रिंगच्या मोटरचा वेग ध्वनिमुद्रकाशी बांधता येत नसल्याने बोलणाऱ्याचे ओठ आणि शब्द जुळत नसत. आवाज मागाहून घालावा लागे.

पहिल्या फिल्मला हा ‘मागाहून’ फार बाधला. वार्तापट कंपनीने तिच्यावर सायकल शर्यतीच्या समालोचनासारखं निवेदन चढवलं. पाणघोड्याच्या शिकारीवरच्या पुढच्या फिल्मवर रूश यांनी स्वतःच शिकाऱ्यांचं पारंपरिक संगीत घातलं. १९५४ मध्ये त्यांनी ती आयोरू गावात, त्याच शिकाऱ्यांना दाखवली. शिकाऱ्यांची हरकत साधी होती: पाणघोड्याचे कान तिखट असतात, शिकारीत वाद्य वाजलं तर जनावर पळणार नाही का? रूश यांनी संगीत काढून टाकलं. चित्रित केलेल्यांना आधी दाखवायचं, त्यांचं ऐकायचं आणि मग पुढे जायचं, याला ते पुढे ‘वाटून घेतलेलं मानववंशशास्त्र’ म्हणू लागले. माझ्या मते त्यांचा खरा शोध हा.

त्याच वर्षी आजच्या घानातल्या अक्राजवळ त्यांनी हौका पंथाचा विधी टिपला, पंथाच्या पुजाऱ्यांच्याच सांगण्यावरून. नायजरहून मजुरीला आलेल्या या लोकांच्या अंगात गव्हर्नर, सेनापती, इंजिनचालक असे वसाहतीचे अधिकारी येत. पॅरिसमधल्या पहिल्या खाजगी खेळानंतर दोगोनचे थोर अभ्यासक मार्सेल ग्रिओल यांनी फिल्म नष्ट करा म्हणून सांगितलं. आफ्रिकी प्रेक्षकही चिडले होते. ब्रिटिश वसाहतींत तिच्यावर बंदी आली, १९५७ मध्ये व्हेनिसला बक्षीस मिळालं. आधी दाखवायची पद्धत असली तरी कोणाला दाखवायचं हा प्रश्न सुटत नाही, हे इथे दिसलं. सेनेगलचे दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांनी तर १९६५ मध्ये रूश यांना तोंडावर सुनावलं की तुम्ही आम्हाला किड्यांसारखं न्याहाळता.

आयव्हरी कोस्टमधल्या आबिदजानच्या ट्रेशव्हील वस्तीत चित्रित केलेल्या ‘म्वा, अँ न्वार’ या फिल्ममध्ये (१९५८) आवाजाची उणीवच कामाला आली. चित्रण मुकं, मग इंडोचायनाच्या लढाईतून परतलेल्या उमारू गांदा यांना संकलित केलेलं चित्रण दाखवून त्यांच्याकडूनच उत्स्फूर्त निवेदन करून घेतलं. गांदा पुढे स्वतः दिग्दर्शक झाले.

बोलणं जागच्या जागी मिळू लागलं ते १९६० च्या उन्हाळ्यात, पॅरिसमध्ये. समाजशास्त्रज्ञ एदगार मोराँ यांच्यासह केलेल्या ‘क्रोनिक दं एते’ या फिल्मसाठी अभियंते आँद्रे कूताँ यांनी एक्लेर कंपनीच्या हलक्या कॅमेऱ्याचा नमुना दिला. कॅनडाहून कॅमेरामन मिशेल ब्रो आले आणि त्यांच्याबरोबर चालत्या कॅमेऱ्याची सवयही आली. पॅरिसमधल्या लेझालच्या बाजारातला प्रसंग पाहावा. ऑशवित्झमधून वाचलेल्या मार्सेलिन लोरिदाँ खांद्याला नाग्रा ध्वनिमुद्रक आणि अंगावर छोटा माइक लावून एकट्या चालतात, छावणीतून न परतलेल्या वडिलांशी बोलतात. त्या काय बोलताहेत हे तेव्हा पथकातल्या कोणालाही ऐकू येत नव्हतं. कॅमेरा पुढच्या छोट्या सित्रोएन गाडीत होता आणि आवाज नको म्हणून गाडी हाताने ढकलत नेली. गाडी दूर जाते तसतशी लोखंडी छपराखाली त्यांची आकृती लहान होत जाते. सुमारे पंचवीस तासांच्या चित्रणातून दीड तासाची फिल्म निघाली, आणि तिच्या शेवटी माणसं स्वतःला पडद्यावर पाहून भांडतात. आयोरूचीच रीत.

पुढच्या कॅमेऱ्यांत चारशे फुटांचं मॅगझिन (रिळाची पेटी) आलं आणि पंचवीस सेकंदांची अकरा मिनिटं झाली. १५ मार्च १९७१ ला नायजरमधल्या सिमिरी गावात टोळांपासून बाजरी वाचावी म्हणून विधी चालला होता. कितीतरी वेळ अंगात येईना. संध्याकाळ होत आली तेव्हा रूश यांनी निदान जुने ढोल टिपावेत म्हणून कॅमेरा सुरू केला आणि न थांबता चालत राहिले. त्याच शॉटमध्ये अंगात आलं. कॅमेऱ्यामुळेच आलं, अशी त्यांची समजूत. ते सिद्ध करणार कसं? पण ही समजूत त्यांनी लपवली नाही, हे महत्त्वाचं.

सिगी याच काळातला. दोगोन माणूस सहसा आपल्याच गावचा टप्पा पाहतो, त्यामुळे सातही टप्पे एकत्र दिसले ते चित्रफितीतच. ग्रिओल १९५६ मध्ये वारले, त्यांना सिगी पाहता आला नाही. रूश १८ फेब्रुवारी २००४ रोजी नायजरमध्ये मोटार अपघातात गेले. गाडीत दामूरे झिका होते, ते वाचले. रूश यांचं दफन नायजरची राजधानी नियामेत झालं.