मागे तारीख घाल

ठाण्यातल्या आमच्या खिडकीतून येऊरचा डोंगर दिसतो. म्हणजे दिसायचा. आता घोडबंदर रोडवरच्या दोन टॉवरांच्या फटीतून त्याचा तळहाताएवढा हिरवा तुकडा उरलाय. आभाळाला मात्र अजून कुणी एफएसआय लावलेला नाही. जूनपासून सप्टेंबरपर्यंत ते येऊरच्या माथ्यावरून आमच्या अंगावर येत राहतं.

गेल्या पावसाळ्यात नेरुळची भाची राहायला आली होती. सातवीत आहे, एलिमेंटरीच्या ड्रॉइंग परीक्षेची तयारी चाललेली. निसर्गचित्रात ढग काढायची तिची पद्धत ठरलेली: आठ-दहा अर्धगोल एकमेकांना चिकटवायचे, फ्लॉवरचा गड्डा तयार, आत पांढरं, बाहेर निळं. एका दुपारी ब्रश धरून ती खिडकीत उभी राहिली, बराच वेळ बाहेर बघितलं आणि म्हणाली, "मामा, याला कड कुठाय?"

मी विज्ञान शिकवून निवृत्त झालेला माणूस. उत्तर तोंडावर आलं आणि तिथंच अडकलं. कारण काही ढगांना कड असते, काहींना नसते. कुठल्या ढगाला असते आणि का, हे सांगायचं तर ढगाच्या पोटात शिरावं लागतं.

ढग म्हणजे वाफ, असं आपण सर्रास म्हणतो, पण वाफ दिसत नाही. कुकरची शिट्टी होते तेव्हा अगदी तोंडाशी बोटभर जागा मोकळी दिसते, ती खरी वाफ. त्यापुढचा पांढरा झोत म्हणजे हवेत थंड होऊन बनलेले पाण्याचे थेंब. ढगातला थेंब साधारण ०.०२ मिलिमीटर व्यासाचा असतो. पावसाचा मध्यम थेंब २ मिलिमीटरचा धरला तर व्यास शंभरपट, म्हणजे एका पावसाच्या थेंबाला ढगातले दहा लाख थेंब लागतात. इतका बारीक थेंब पडतोही सावकाश, सेकंदाला सेंटिमीटरभर. खालून हवेचा जरा रेटा असला की तो पडतच नाही.

आता कड. फ्लॉवरसारखा फुगलेला ढग याच थेंबांचा असतो. त्याच्या सीमेवर बाहेरची कोरडी हवा मिसळते आणि तिथले चिमुकले थेंब काही क्षणांत विरून जातात. म्हणून 'ढग आहे' आणि 'ढग नाही' यांच्यामधला पट्टा अगदी अरुंद राहतो आणि आपल्याला खणखणीत कड दिसते. फार उंचावरचे, पिंजलेल्या कापसासारखे ढग बर्फाच्या कणांचे असतात. हे कण संख्येनं कमी, आकारानं मोठे. शिवाय ज्या हवेत पाण्याचा थेंब तग धरत नाही त्या हवेतही बर्फाचा कण टिकतो, कारण बर्फाभोवतीची हवा तुलनेनं कमी बाष्पावरच संपृक्त होते, म्हणजे बाष्पानं पुरती भरते. त्यामुळे कण लांबवर घरंगळत जातात, मागे शेपट्या ओढतात आणि कड अशी राहतच नाही.

जलरंग वापरणाऱ्याला हे वेगळ्या भाषेत ठाऊक असतं. कोरड्या कागदावर ओला रंग लावला की कड उमटते, ओल्यावर ओला सोडला की पसरते. जुलैत ठाण्यात तर कागद वाळायचं नावच घेत नाही, दोन्ही हातांनी पंखा हलवला तरी निळा रंग पांढऱ्यात शिरतोच. भाचीनं वैतागून तीन कागद फाडले. चौथ्यावर आपसूक जे झालं ते हुबेहूब बाहेरच्या आभाळासारखं होतं, कारण बाहेरही कड नव्हतीच. होतं ते मळभ. मळभाला आकार नसतो, नुसती जाडी असते.

ढगाचं पोट सपाट का, हा तिचा पुढचा प्रश्न. जमिनीवरची हवा वर चढते, प्रसरण पावते, थंड होते. एका ठरावीक उंचीला तिच्यातल्या बाष्पाचे थेंब व्हायला लागतात, आणि ती उंची आसपासच्या सगळ्या हवेला जवळपास सारखीच असते. तिचा अंदाज बोटांवर काढता येतो: तापमान आणि दवबिंदू (ज्या तापमानाला हवेतल्या बाष्पाचं दव व्हायला लागतं तो) यांच्यातल्या प्रत्येक अंशाच्या फरकाला सुमारे १२५ मीटर. पावसाळ्यात तापमान ३१ आणि दवबिंदू २६ असला तर ढगाचा तळ सव्वासहाशे मीटरवर. हिवाळ्यात दुपारी ३२ आणि १४ असला तर तो सव्वादोन किलोमीटरवर, तोही ढग आलाच तर. माथेरान साधारण आठशे मीटर उंच आहे. ठाणे-पनवेल लोकलनं जाऊन पनवेलला उतरलं आणि माथेरानची रांग वरून कापल्यासारखी गायब दिसली, की दवबिंदूचं गणित समोरच मांडलेलं असतं.

आणि वजन? एक किलोमीटर लांब, तितकाच रुंद, तितकाच उंच असा साधा पांढरा ढग घ्या. घनमीटरला अर्धा ग्रॅम पाणी धरलं तरी ५०० टन भरतं. दहा हजार लिटरचे पन्नास टँकर. घोडबंदरच्या सोसायटीत राहणाऱ्याला हा हिशेब समजावून सांगावा लागत नाही.

ढगांना नावं मिळाली ती उशिराच. ताऱ्यांना, वाऱ्यांना, दगडांना नावं होती. ढग मात्र इतके भुर्रकन बदलतात की त्यांचे प्रकार करता येतील असं कुणाला फारसं वाटलं नव्हतं. १८०२ मध्ये ल्यूक हॉवर्ड या तीस वर्षांच्या लंडनच्या औषधनिर्मात्यानं एका छोट्या विज्ञानमंडळात निबंध वाचला आणि लॅटिन नावं सुचवली: सिरस म्हणजे केसांची बट, क्युम्युलस म्हणजे रास, स्ट्रॅटस म्हणजे थर, निंबस म्हणजे पाऊस. लामार्क या फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञानं त्याच वर्षी फ्रेंच नावं सुचवली होती, ती कुणी उचलली नाहीत. हॉवर्डची टिकली, कारण त्यात जोडाजोड करता येत होती. रास थरात पसरली तर स्ट्रॅटोक्युम्युलस, राशीतून पाऊस कोसळला तर क्युम्युलोनिंबस. जर्मन महाकवी गटे त्याच्यावर इतका खूश झाला की त्यानं हॉवर्डच्या गौरवार्थ कविता लिहिली. औषधं बनवणाऱ्या किती जणांच्या नशिबी हे येतं!

त्यानंतर वीस वर्षांनी, १८२१ आणि १८२२ मध्ये, जॉन कॉन्स्टेबल हा इंग्रज चित्रकार लंडनजवळच्या हॅम्पस्टेडच्या टेकाडावर बसून कागदावर तैलरंगात नुसते ढग रंगवत होता. झाड नाही, घर नाही, कितीतरी चित्रांत क्षितिजसुद्धा नाही. अशी चित्रं शंभरच्या घरात आहेत. त्याच्या वडिलांच्या गिरण्या होत्या आणि पोरवयात त्यानं पवनचक्कीवर काम केलं होतं. वाऱ्याकडे बघायची सवय तिथलीच असणार. मला त्या चित्रांपेक्षा त्यांच्या पाठी जास्त आवडतात. पाठीवर तो तारीख लिहायचा, वेळ लिहायचा, वारा कुठून वाहतोय आणि पाऊस झाला का, तेही लिहायचा. पुढे हवामानाच्या अभ्यासकांनी ही टिपणं त्या काळच्या हवामान-नोंदींशी ताडून पाहिली आणि तारीख नसलेल्या काही चित्रांचे दिवसही ठरवायचा प्रयत्न केला. चित्रकारानं 'सुंदर सायंकाळ' एवढंच लिहून ठेवलं असतं तर कुणाला काय करता आलं असतं?

१८८३ मध्ये इंडोनेशियातला क्राकाटोआ ज्वालामुखी फुटला. त्यातून उंच वातावरणात गेलेल्या कणांनी जगभरच्या संध्याकाळी रक्तासारख्या लाल केल्या. तेव्हा विल्यम ॲस्क्रॉफ्ट हा चित्रकार लंडनमध्ये थेम्सच्या काठी बसून पेस्टलनं भराभर रेखाटनं करत होता, मावळतीच्या एका संध्याकाळी एकामागून एक. अशी पाचशेहून जास्त. रॉयल सोसायटीनं १८८८ मध्ये क्राकाटोआवर अहवाल छापला, त्याच्या सुरुवातीलाच ॲस्क्रॉफ्टची चित्रं आहेत. रंगीत छायाचित्रण हाताशी नव्हतं, मग पुरावा म्हणून खडूच.

हान्स न्यूबर्गर या हवामानशास्त्रज्ञानं तर १९७० मध्ये युरोप-अमेरिकेच्या संग्रहालयांतली बारा हजारांहून अधिक चित्रं बघून त्यांतलं आभाळ किती ढगाळ आहे हे मोजलं. युरोपात थंडी वाढलेल्या शतकांत चित्रांतले ढगही वाढलेले त्याला आढळले. मला यात थोडी शंका आहे. चित्रकार फॅशन म्हणूनही ढग काढतात, आणि गिऱ्हाइकाला उदास आभाळ आवडत असेल तर उदासच विकलं जाणार. तरी कल्पना धीट आहे.

आपल्याकडच्या लघुचित्रांत तारीख नसते, पण नजर पक्की असते. पहाडी आणि राजस्थानी चित्रांतला पावसाळी ढग काळाभोर असतो, त्यावर सोनेरी नागमोडी वीज, आणि समोरून पांढऱ्या बगळ्यांची माळ. बगळे उगाच नाहीत. ढग पांढरा दिसतो कारण त्याचे थेंब सगळ्या रंगांचा उजेड सारखाच विखुरतात. जाड ढगात हा उजेड वरून आणि बाजूंनीच परत फिरतो, पोटापर्यंत फार थोडा पोचतो. म्हणजे तळ काळा नसतो, अंधारात असतो. तो किती अंधारात आहे हे शेजारी शुभ्र काही ठेवल्याशिवाय कळत नाही. ठाण्याच्या खाडीवरून जुलैत बगळे उडतात तेव्हा हे बघून घ्यावं.

मेघदूताच्या पाचव्या श्लोकात कालिदास ढगाची घडण सांगतो: 'धूमज्योतिःसलिलमरुतां संनिपातः'. धूर, तेज, पाणी आणि वारा यांची मोट. हे वाचून लगेच 'आपल्याकडे सगळं आधीच होतं' असा मेसेज पुढे ढकलायची गरज नाही. कालिदासाला निर्जीव ढगाकडून निरोप धाडण्यातला वेडेपणा दाखवायचा होता. पण पहिल्याच शब्दाशी मी दर वेळी थांबतो. धूर! १८८० मध्ये जॉन एटकन या स्कॉटिश संशोधकानं दोन काचपात्रं घेतली. एकात साधी हवा, दुसऱ्यात कापसातून गाळलेली. दोन्हींत वाफ सोडली. साध्या हवेत दाट धुकं झालं, गाळलेल्या हवेत काहीच दिसेना. पाण्याला थेंब व्हायला बसायला काहीतरी लागतं: धुळीचा कण, धुराचा कण, समुद्राचं मीठ. ठाण्यावर येणाऱ्या ढगांना अरबी समुद्राचं मीठ मिळतं, धुराची भर आपण घालतो.

हे घरी करता येतं. प्लास्टिकच्या बाटलीत थोडं कोमट पाणी घ्या, पेटत्या अगरबत्तीचा धूर आत सोडा, झाकण घट्ट लावा, बाटली दाबा आणि एकदम सोडा. सोडताच आत ढग, दाबताच गायब. आता धूर न घालता तेच करून बघा. भाचीनं हे वीसेक वेळा केलं, घरभर चंदनाचा वास आणि आजी खूश.

बर्नडनॉट स्मिल्डे हा डच कलावंत २०१० पासून नेमकं हेच करतोय, फक्त बाटलीऐवजी रिकाम्या दालनात. आधी पाणी फवारून हवा ओली करायची, मग यंत्रातून धुराचा लोट सोडायचा. काही सेकंद खोलीच्या मधोमध ढग तरंगतो. तेवढ्यात फोटो काढायचा. जपानच्या फुजिको नाकाया यांनी १९७० मध्ये ओसाकाच्या जागतिक प्रदर्शनात एक अख्खी इमारत धुक्यात गुंडाळली होती, पण धूर वर्ज्य. नुसतं पाणी प्रचंड दाबानं बारीक तोट्यांमधून सोडलेलं. त्यांचे वडील उकिचिरो नाकाया हे प्रयोगशाळेत पहिला कृत्रिम हिमकण बनवणारे भौतिकशास्त्रज्ञ. बापानं बर्फ केला, लेकीनं धुकं.

मागे तारीख घालून ढगांच्या चित्रांची वही करायचं खूळ आमच्या डोक्यात शिरलं ते एका रद्दीवाल्यामुळे. ठाणे स्टेशनजवळ त्याच्या ढिगात एक जुनं बांधीव पुस्तक सापडलं. मजकूर कसर लागून गेलेला, पण पुठ्ठ्याच्या आतला कागद लाल-निळ्या लहरींचा, पाण्यावर तेल पसरावं तसा. या कागदाला अब्री म्हणतात. फारसीत अब्र म्हणजे ढग. आपल्या 'अभ्राच्छादित'मधल्या अभ्राचा हा सख्खा भाऊ. डिंक घालून दाट केलेल्या पाण्यावर रंगाचे थेंब टाकतात. रंगात पृष्ठताण कमी करणारं द्रव्य असतं, म्हणून तो न बुडता पसरतो. काडीनं लहरी ओढायच्या आणि कागद अलगद टेकवून उचलायचा. सतराव्या शतकात विजापूरच्या चित्रकारांनी अशाच लहरींतून घोडे आणि माणसं घडवली. हाडकुळ्या घोड्याच्या अंगावर ढगाची नक्षी!

तो कागद आम्ही मुखपृष्ठाला वापरला. आत हातकागदाच्या पट्ट्या जोडून पंख्यासारखी घडी घातली. उलगडली की वही हॉलभर होते. खाली सगळ्या पानांवरून एकच रेघ जाते, ती गच्चीवरून पूर्वेला दिसणाऱ्या पारसिकच्या डोंगराची. वर त्या त्या दिवसाचं आभाळ. पानामागे तारीख, वेळ, वारा.

कडेच्या प्रश्नाचं पूर्ण उत्तर तिला ऑक्टोबरात मिळालं. पाऊस परतताना दुपारी सह्याद्रीवर क्युम्युलोनिंबस उभे राहतात. सूर्य आपल्या मागे मावळत असतो, समोर ते गुलाबी होतात. असा ढग वाढत पंधरा किलोमीटरपर्यंत जाऊ शकतो. तिथं वर चढायला वाव संपतो आणि माथा ऐरणीसारखा आडवा पसरतो. खालचा भाग पाण्याच्या थेंबांचा, फ्लॉवरसारखा कोरीव. शून्याखाली गेलेलं पाणीही बरंच वर थेंबांच्याच रूपात राहतं, उणे अडतीस अंशांच्या आसपास मात्र सगळ्याचा बर्फ होतो आणि कड विस्कटते. एकाच ढगाला दोन्ही. भाची गच्चीच्या कठड्याला टेकून काढत होती. खालचा अर्धा कोरड्या कागदावर, वरचा आधी ओला करून घेतलेल्या.

पान सतरा, मागची बाजू, तिच्या अक्षरात: '१२ ऑक्टोबर, संध्याकाळी ६.२०. पूर्वेला एक मोठा. कड खाली आहे, वर नाही. वारा: नाही. (मामा म्हणतो, आहे.)'