अरूद

अरूद म्हणजे अभिजात अरबी कवितेचे छंदःशास्त्र. ते बांधले आठव्या शतकात बसरा येथील खलील इब्न अहमद याने. हा मूळचा उमानचा, भाषापंडित आणि अरबीतील पहिल्या कोशाचा कर्ता. कविता त्याच्याही आधी दोन-अडीचशे वर्षे म्हटली जात होती आणि ती वृत्तबद्धच होती. कवींना नियम मात्र कानानेच ठाऊक होते. बसऱ्याच्या बाजारातून जाताना तांबटांच्या हातोड्यांचे ठोके ऐकून खलीलला ही कल्पना सुचली, अशी आख्यायिका आहे. तो एकटाच बसून वृत्तांचे तुकडे पाडू लागला, तेव्हा बापाला वेड लागले असे समजून मुलगा लोकांना सांगत सुटला, अशीही एक गोष्ट सांगतात.

शास्त्राची परिभाषा तंबूची आहे. द्विपदीला ‘बैत’ म्हणतात; या शब्दाचा अर्थ घर किंवा तंबू. तिचा अर्धा भाग म्हणजे ‘मिसरा’, दाराची एक फळी. गणाचे घटक दोन: ‘वतद’ म्हणजे खुंटी आणि ‘सबब’ म्हणजे दोर. खलीलने लघु-गुरू अक्षरे मोजली नाहीत. स्वरयुक्त आणि स्वरहीन वर्ण कोणत्या क्रमाने येतात, ते त्याने पाहिले. मराठी गझलकारांच्या लगावलीत (ल म्हणजे लघु, गा म्हणजे गुरू) मांडल्यास ‘फऊलुन’ हा गण लगागा होतो: त्यातला लगा ही खुंटी आणि उरलेला गा हा दोर. कवीला सवलत मिळते ती बहुधा दोरात. तो आखडता येतो. ओळीच्या मध्यात खुंटी सहसा हलत नाही.

प्राचीन कवींचे सर्वांत आवडते वृत्त ‘तवील’. प्राचीन कवी इम्रुउल कैसच्या प्रसिद्ध कसीद्याचा (दीर्घ कवितेचा) पहिला मिसरा त्यातच आहे:

किफा नब् | कि मिन झिक्रा | हबीबिन | व मन्झिली
लगागा | लगागागा | लगागा | लगालगा

(थांबा दोघे, प्रिया आणि तिच्या मुक्कामाच्या आठवणीने रडू या.) शेवटच्या गणात लगागागाचे लगालगा झाले, ती दोराची सवलत.

खलीलने 15 वृत्ते पाच वर्तुळांत बसवली. ही वर्तुळेच त्याच्या बुद्धीची खरी कमाल. लगागागा सलग लिहून वर्तुळ केले की हजज मिळते. तिसऱ्या अक्षरापासून वाचायला लागले तर गागालगा, म्हणजे रजज. चौथ्यापासून गालगागा, म्हणजे रमल. याच रीतीने कोणी कधी न वापरलेली वृत्तेही निघतात. ती ‘मुहमल’, वाऱ्यावर सोडलेली. सोळावे वृत्त, मुतदारिक, पुढे व्याकरणकार अल-अख्फशच्या नावावर जमा झाले. युरोपात एवाल्ड याने एकोणिसाव्या शतकात हीच वृत्ते ग्रीक-लॅटिन पद्धतीने ऱ्हस्व-दीर्घांत मांडली. अभ्यासाला ते सोयीचे, पण त्यात खुंटी-दोर दिसेनासे होतात. विसाव्या शतकात गॉटहोल्ड वाइल याने वर्तुळांकडे परत वळून खुंटीवर आघात असतो, असे प्रतिपादन केले. ते सर्वमान्य झालेले नाही.

भारतीय छंदांशी तुलना जुनीच आहे. अल-बिरूनीने 1030च्या सुमारास लघु-गुरूंची पद्धत अरबी वाचकांना समजावून दिली आणि हिंदूंच्या कवितेत वृत्ते असतात हे खलीलच्या कानी आले असावे, असे काहींना वाटते, तेही नोंदवले. त्याला पुरावा नाही. साम्य मात्र कानाला लगेच जाणवते: ‘मुतकारिब’ वृत्ताचा मिसरा म्हणजे चार वेळा लगागा, तेच आपले भुजंगप्रयात. ‘गणाधीश जो ईश सर्वां गुणांचा’ ही ओळ त्यात तंतोतंत बसते. फरक इतकाच, की समर्थांना गण बदलायची मुभा नाही, अरबी कवीला आहे.

हे शास्त्र अरबीतून फारसीत आणि तिथून उर्दूत गेले. फारसीचे प्राध्यापक माधव जूलियन यांनी फारसी गझलेची वृत्ते मराठीत रुजवली. ‘बहर’ (वृत्त), ‘मिसरा’ हे शब्द आज मराठी गझलेच्या कार्यशाळांतही सर्रास ऐकू येतात. अरबीत मात्र 1947मध्ये नाझिक अल-मलाइका आणि बद्र शाकिर अस-सय्याब या इराकी कवींनी ओळीची लांबी मोकळी केली. गण त्यांनी खलीलचाच ठेवला.