गाव सोडणं आणि गाव उठणं

‘धरणामुळे बारा गावांचे स्थलांतर’ अशा धाटणीचे मथळे आपण इतक्यांदा वाचलेले असतात की त्यात काही खटकत नाही. खरं तर खटकायला हवं. गाव स्थलांतर करत नाही, माणसं करतात. गाव उठतं, किंवा उठवलं जातं. बोलीने या दोन गोष्टींसाठी दोन क्रियापदं वेगळी ठेवली आहेत, सरकारी मराठीनेही ‘स्थलांतरित’ आणि ‘विस्थापित’ असे दोन शब्द ठेवले आहेत. तरी बातमीत, भाषणात, शाळेच्या निबंधात ते सर्रास एकमेकांच्या जागी जाऊन बसतात. वरून पाहिलं तर दोन्हीकडे दिसतं तेच: बोचकी, पोरंबाळं आणि एका जागेहून दुसऱ्या जागी निघालेली माणसं.

शाळेत यातला फरक एका ओळीत सांगतात: स्थलांतर मर्जीने, विस्थापन सक्तीने. परीक्षेपुरतं हे ठीक आहे. पण बीडच्या एखाद्या ऊसतोड जोडप्याला ही ओळ लावून बघा. मुकादमाकडून उचल घेतलेली, ती कधीच खर्चून गेलेली, दसरा-दिवाळीच्या सुमारास टोळी निघाली की मागे राहायची सोयच नाही. यात मर्जी कुठली? पण त्यांना कोणी विस्थापित म्हणत नाही, आणि ते बरोबरच आहे. हंगाम संपला की हा ‘कोयता’ (टोळीत जोडप्याला असंच मोजतात) परत घरी येतो. घराला कुलूप असतं, पण घर असतं. म्हणून मला वाटतं, निघताना मर्जी होती की नाही हे विचारण्यापेक्षा मागे काय उरलं हे विचारावं. उत्तर पटकन सापडतं, आणि परिणामांचा उलगडाही त्यातूनच होतो.

दोन्ही गोष्टी शेजारी-शेजारी पाहायच्या तर सातारा जिल्ह्यातलं कोयनेचं खोरं घ्यावं. पाटण आणि जावळीचा डोंगराळ मुलूख. पाऊस उदंड, जमीन उताराची. वर नाचणी-वरी, खाली खाचरात भात. वर्षाचं धान्य निघायचं नाही. चार भावांत दोघे रानात पुरायचे, उरलेल्या दोघांनी मुंबई धरायची, हा तिथला जुना हिशेब. कावसजी दावर यांची पहिली कापडगिरणी १८५६ मध्ये ताडदेवला सुरू झाली आणि पुढच्या काही दशकांत रत्नागिरी-साताऱ्याकडची माणसं गिरणगावात भरत गेली. गिरणीत वर्णी लागली नाही तर गोदी, नाहीतर मशीद बंदरच्या बाजारात पाठीवर पोती. या हमालांना एकत्र आणणारे अण्णासाहेब पाटील पाटण तालुक्यातलेच. १९६९ चा माथाडी कायदा झाला तो या लोकांसाठी.

मुंबईत ही माणसं राहायची कशी? एका खोलीत गावातले वीस-पंचवीस गडी. दिवसपाळीवाला उठून गेला की रातपाळीवाला त्याच जागेवर पथारी टाकणार. पत्र्याची एक पेटी हाच काय तो संसार. जेवण खाणावळीत, बहुधा गावाकडच्याच एखाद्या बाईच्या हातचं. महिन्याला मनीऑर्डर. लावणीला, जत्रेला, लग्नाला रजा काढून गाव गाठायचं. चाळीस वर्षं नोकरी करूनही हा माणूस मुंबईला ‘इथं’ आणि गावाला ‘घरी’ म्हणायचा. घरी शेती बघायची बायकोने, म्हाताऱ्या आईने. स्थलांतराचे परिणाम मोजताना शहरात काय झालं तेवढंच लिहिलं जातं, पण मागे राहिलेल्या बायकांनी औताशिवायची सगळी शेती ओढली, कधीकधी औतही धरलं, हे मात्र राहून जातं.

आणि गाव म्हणजे नुसती आठवण नव्हती, तो या माणसांचा विमा होता. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला तेव्हा गिरणी कामगारांनी गावं गाठली, साथ ओसरल्यावर परत आले. जानेवारी १९८२ मध्ये गिरण्यांचा संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार घरी बसले. पगार नसताना इतके महिने कळ काढता आली त्याचं एक कारण म्हणजे गावाकडची भाकरी. २०२० च्या टाळेबंदीत महामार्गांवरून चालत निघालेले लोक आठवा. शहराने हात वर केल्यावर ते निघाले ते ‘घरी’च. ते हाल पाहवत नव्हते, पण चालत जायला काहीतरी होतं, हेही खरं.

लंडनमध्ये १८८५ साली रॅव्हेन्स्टाईन नावाच्या भूगोलतज्ज्ञाने स्थलांतराचे काही नियम मांडले. त्यातला एक असा की माणसांचा प्रत्येक मोठा ओघ उलट दिशेचा एक लहान ओघही निर्माण करतो. गेलेले काही जण परततात, त्यांच्याबरोबर पैसा येतो, बातम्या येतात, नवं पाणी चाखलेली पोरं येतात. दुसरा नियम बायकांचा: जवळच्या अंतरावर पुरुषांपेक्षा त्याच जास्त हलतात. आपल्याकडे ते लग्नामुळे पक्कं खरं आहे. २०११ च्या जनगणनेत देशात ४५ कोटींहून अधिक लोक ‘स्थलांतरित’ निघाले, आणि त्याचं सर्वांत मोठं कारण होतं विवाह. म्हणजे आपल्या घरातल्या बहुतेक आया-सासवा-सुना या हिशेबात स्थलांतरितच. मात्र त्या जनगणनेच्या कारणांच्या यादीत नोकरी, व्यवसाय, शिक्षण, विवाह हे सगळं आहे, ‘धरणाने उठवलं’ हे नाही. ते ‘इतर’मध्ये जिरतं, किंवा ‘कुटुंबासोबत आलो’मध्ये.

आता त्याच सह्याद्रीतली दुसरी गोष्ट. मुंबईच्या गिरण्यांना वीज हवी होती, म्हणून टाटांच्या कंपनीने घाटमाथ्यावर पाणी अडवायला घेतलं. मुळशीच्या शेतकऱ्यांनी १९२१ मध्ये सेनापती बापटांच्या मागे उभं राहून ‘जान किंवा जमीन’ म्हटलं. सत्याग्रह तीनेक वर्षं चालला, बापट तुरुंगात गेले, धरण झालं. एका खोऱ्यातला मावळा ज्या विजेसाठी उठवला गेला, त्या विजेवर चालणाऱ्या यंत्रापुढे शेजारच्या खोऱ्यातला मावळा नोकरीला उभा होता. स्थलांतर आणि विस्थापन यांची अशी गाठ आपल्या इतिहासात वारंवार पडते.

कोयनेला ती आणखी घट्ट आहे. १९५० च्या दशकात देशमुखवाडीला धरणाचं काम सुरू झालं, १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला पाणी साठू लागलं. आज ज्याला शिवसागर म्हणतात आणि ज्यावर तापोळ्याला बोटी फिरतात, त्याच्या तळाशी माणसांची खाचरं आहेत. शंभराच्या घरात गावांना त्याची झळ लागली. काही लोक धारेवर वर सरकले, काहींना सांगली-सोलापूरकडे, काहींना रायगड-ठाण्याकडे पाठवलं. कोयनेचं पाणी बोगद्यांतून पश्चिमेला पोफळीकडे पडून वीज करतं, त्यामुळे ‘धरणाखालच्या भिजत्या रानात जमीन घ्या’ असं सांगण्याचीही सरळ सोय नव्हती. तेव्हा भूसंपादनाला १८९४ चा इंग्रजी कायदा होता, पण पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. महाराष्ट्राने तो पहिल्यांदा १९७६ मध्ये केला. तोवर कोयनेची गावं बुडून बारा-पंधरा वर्षं झाली होती. २०१८ मध्येही कोयनानगरला धरणग्रस्त जमिनीसाठी ठिय्या देऊन बसले होते. ते बहुतेक उठलेल्यांचे मुलगे आणि नातू.

दोघांच्या बोलण्यातले शब्दच ऐका. स्थलांतरिताचे शब्द कामाचे: पाळी, खाडा, पगार, मनीऑर्डर, रजा. विस्थापिताचे शब्द कचेरीचे: बुडीत क्षेत्र, लाभक्षेत्र, खातेदार, संकलन, प्रकल्पग्रस्त दाखला, पर्यायी जमिनीसाठी मोबदल्यातले पासष्ट टक्के भरले की नाही. एक माणूस निघताना पत्ता घेऊन निघतो, अमक्याच्या खोलीवर जा म्हणून. दुसरा फाईल घेऊन निघतो, आणि ती फाईल वारसाहक्काने पुढे जाते. बापाच्या नावाचा दाखला नातवाच्या नोकरीच्या अर्जाला लागतो.

परिणामांतला मुख्य फरकही इथेच आहे. स्थलांतर एकेकट्याने होतं, साखळीसारखं. आधी थोरला, मग त्याच्या ओळखीने धाकटा, मग मेहुणा. गाव थोडं थोडं रिकामं होतं, पण मोडत नाही. उलट मुंबईतल्या मंडळाच्या वर्गणीतून देवळाला नवा सभामंडप चढतो. विस्थापन सगळ्यांना एकाच दिवशी उचलतं. मोबदला मिळतो तो सातबारावर जे लिहिलंय त्याचा. कुळाचं, भूमिहीनाचं, बलुत्याचं काही लिहिलेलं नसतं. सरपणाचं रान, गुरांची चराई, नदीचे मासे, करवंदं-कंद यांना तर सातबाराच नाही. सरदार सरोवरात महाराष्ट्राची ३३ गावं गेली, अक्कलकुवा-धडगाव भागातली. तिथल्या आदिवासींचं भांडण अर्धंअधिक याच गोष्टीचं होतं: जे पिढ्यान्‌पिढ्या कसलं ते कागदावर त्यांचं नव्हतंच. आणि वसवताना गाव फोडलं की भावकी एका जिल्ह्यात, ग्रामदैवत दुसऱ्या. मग नव्या वसाहतीला जुनंच नाव देतात आणि पुढे ‘पुनर्वसित’ जोडतात.

उलट ओघ इथे नसतोच. उजनी धरण भरून चार दशकं उलटली. उन्हाळ्यात पाणी फार खाली गेलं की पळसदेवचं जुनं देऊळ वर येतं आणि लोक ते बघायला जातात. दुष्काळ पडला तरच दिसतो असा तो गाव.

‘निर्वासित’ हा तिसरा शब्दही या गोंधळात ओढला जातो, त्याचं पटकन निपटू. घर उठलेला माणूस देशाची सीमा ओलांडून आला की तो निर्वासित. फाळणीनंतर सिंधमधून आलेले लोक कल्याणजवळच्या लष्करी छावणीत उतरले, त्याचं १९४९ मध्ये उल्हासनगर झालं. ते निर्वासित होते. कोयनेचे लोक स्वतःच्याच देशात उठले, त्यांना हा शब्द लागत नाही, जरी वाट्याला आलेलं बरंचसं सारखं असलं तरी.

माझी कसोटी सगळीकडे चोख बसते असंही नाही. गिरमिटियांचं बघा. १८३४ पासून करारावर माणसं मॉरिशसला नेली गेली, त्यात मुंबई बंदरातून गेलेले कोकणातले मराठीही होते. ‘ॲग्रीमेंट’चं गिरमिट झालं. अंगठा उठवला होता म्हणून मर्जी म्हणायची, तर समोर काय वाढून ठेवलंय ते कळलं नव्हतं. मागे गाव शाबूत होतं म्हणून स्थलांतर म्हणायचं, तर मध्ये समुद्र होता आणि बहुतेक जण परतले नाहीत. मी त्यांना स्थलांतरितांतच धरतो, पण हात थोडा अडखळतो.

याहून अवघड प्रश्न कोयनेच्या खोऱ्यातल्या मुंबईकरांचा आहे. समजा धाकटा भाऊ लालबागला गिरणीत आहे. त्याने जागा सोडली नाही, पाळी चुकवली नाही, आणि इकडे गाव पाण्याखाली गेलं. सातबारावर नाव थोरल्याचं, म्हणून खातेदार तो. धाकटा त्या दिवशी जागच्या जागी विस्थापित झाला, पण कुठल्या नोंदवहीत? पुढे संप आला, गिरणी गेली, तेव्हा ज्यांची गावं शाबूत होती ते घरी जाऊन बसले. याच्यासारख्यांनी कुठे जायचं?

म्हणजे विस्थापित व्हायला हलावं लागतंच असं नाही. याचा सर्वांत ठळक दाखला नवी मुंबईत आहे. १९७० मध्ये सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली आणि ठाणे-रायगडच्या ९५ गावांतली जमीन शहरासाठी घेतली गेली. आगरी-कोळ्यांची गावठाणं बरीचशी जागेवरच राहिली. गेली ती भातशेती, मिठागरं, खाडीचा काठ. घर तेच, देऊळ तेच, उंबऱ्याबाहेरचं सगळं दुसऱ्याचं. जानेवारी १९८४ मध्ये जासईला दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालच्या आंदोलनावर गोळीबार झाला, पाच जण गेले, आणि पुढे घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याची योजना आली. ही माणसं एक फर्लांगही हलली नव्हती, तरी कागदावर ती प्रकल्पग्रस्त आहेत आणि योग्यच आहेत.

याच जमिनीवर वाशीचे घाऊक बाजार उभे राहिले. मुंबईतून कांदा-बटाटा, धान्य, मसाला टप्प्याटप्प्याने तिकडे हलला आणि त्याच्या मागोमाग साताऱ्याकडचे माथाडीही. आज पहाटे तिथे ट्रक लागतो तेव्हा गोणी उतरवणारा पाटणचा असू शकतो, ज्याच्या वडिलांनी गाव सोडलं, किंवा ज्याचं गाव सुटलं. बाजाराच्या भिंतीपलीकडे गावठाणात राहणारा आगरी कधीच कुठे गेला नाही, आणि बाजार ज्या मातीवर उभा आहे तिथे त्याचा आजा भात लावायचा.