शेजार पक्का, व्यवहार कच्चा : इराण-पाकिस्तान संबंधांची पार्श्वभूमी

११ मार्च २०१३ रोजी इराणचे अध्यक्ष महमूद अहमदीनेजाद आणि पाकिस्तानचे अध्यक्ष आसिफ अली झरदारी चाबहारच्या पूर्वेला, सरहद्दीला खेटून उभारलेल्या मंडपात एकत्र आले. इराणमधल्या साउथ पार्स क्षेत्रातला नैसर्गिक वायू पाकिस्तानात आणणाऱ्या पाइपलाइनच्या पाकिस्तानी टप्प्याचा हा शुभारंभ होता. इराणने आपल्या बाजूचं बहुतेक काम तोवर उरकलं होतं. पाकिस्तानला सुमारे ७८० किलोमीटर नळ टाकायचे होते आणि डिसेंबर २०१४ पर्यंत वायू सुरू व्हायचा होता. झरदारींच्या पक्षाच्या सरकारची मुदत संपायला तेव्हा जेमतेम पाच दिवस उरले होते, हे लक्षात घेतलं की त्या समारंभाची घाई कळते. पाकिस्तानचे नळ अजूनही पडलेले नाहीत.

ते का पडले नाहीत, याचं उत्तर शोधायला बरंच मागे जावं लागतं.

ऑगस्ट १९४७ मध्ये नव्या पाकिस्तानला मान्यता देणारा पहिला देश इराण. १९५० मध्ये पाकिस्तानला भेट देणारे पहिले परदेशी राष्ट्रप्रमुखही इराणचे शाह महंमद रझा पहलवी. पुढे १९५५ मध्ये दोघेही बगदाद करारात, म्हणजे पाश्चात्त्यांच्या पाठबळाच्या लष्करी गटात, सामील झाले. इराक त्यातून बाहेर पडल्यावर त्याचंच नाव ‘सेंटो’ झालं. १९६४ मध्ये तुर्कस्तानला सोबत घेऊन आर्थिक सहकार्यासाठी ‘आरसीडी’ ही संघटना निघाली. कागदावर ती भारदस्त होती, पण तिघांचा आपसातला व्यापार काही वाढला नाही. तिघांनाही माल विकायचा होता तो पश्चिमेला, आणि यंत्रं घ्यायची होती तीही तिथूनच.

खरी मैत्री शस्त्रांची होती. १९६५ च्या युद्धानंतर अमेरिकेने पाकिस्तानचा शस्त्रपुरवठा रोखला, तेव्हा पश्चिम जर्मनीकडून इराणच्या नावावर घेतलेली सेबर लढाऊ विमानं पाकिस्तानात पोचली. १९७१ मध्ये बांगलादेश वेगळा झाल्यावर शाहना धास्ती होती ती पाकिस्तानचे आणखी तुकडे पडण्याची. बलुचिस्तान फुटलं तर आपल्या सीस्तान-बलुचिस्तानातही ठिणगी पडेल, हा त्यांचा हिशेब. फेब्रुवारी १९७३ मध्ये इस्लामाबादेतल्या इराकी दूतावासात शस्त्रसाठा सापडला. तो बलुच बंडखोरांसाठी होता, असं भुट्टो सरकारने सांगितलं आणि बलुचिस्तानचं प्रांतिक सरकार बरखास्त केलं. त्यानंतरच्या बंडाविरुद्ध पाकिस्तानी लष्कराने वापरलेली हेलिकॉप्टर्स शाहनी दिलेली होती. सुमारे ९०० किलोमीटरच्या या सरहद्दीच्या दोन्ही बाजूंना बलुचच राहतात आणि दोन्ही राजधान्यांना त्यांची सारखीच भीती वाटते. दोन्ही देशांचं नातं कधी पूर्ण तुटलं नाही, याचं हे सर्वांत मोठं कारण आहे असं मला वाटतं. इस्लामी बंधुत्वाची भाषणं त्यानंतर येतात.

१९७९ मध्ये शाह गेले आणि आयातुल्ला खोमेनी आले. झिया-उल-हक यांच्या पाकिस्तानने नव्या राजवटीला लगेच मान्यता दिली. पण झियांचं ‘इस्लामीकरण’ सुन्नी वळणाचं होतं. जकात या इस्लामी धर्मदानाच्या सक्तीच्या वसुलीविरुद्ध जुलै १९८० मध्ये पाकिस्तानातल्या शियांनी इस्लामाबादेत मोठं आंदोलन केलं आणि सरकारला सवलत द्यायला भाग पाडलं. त्यामागे खोमेनींच्या क्रांतीची प्रेरणा होती. ती रोखायला सौदी पैसा आला. त्या दशकात पाकिस्तानच्या रस्त्यांवर सौदी-इराण स्पर्धा रक्त सांडू लागली. डिसेंबर १९९० मध्ये लाहोरात सादिक गंजी या इराणी मुत्सद्द्याची हत्या झाली. ऑगस्ट १९९८ मध्ये तालिबानने अफगाणिस्तानातलं मझार-ए-शरीफ घेतलं, तेव्हा तिथल्या इराणी वाणिज्य दूतावासातले अधिकारी मारले गेले. तालिबानचा पाठीराखा पाकिस्तान असल्याने तेहरानचा राग इस्लामाबादेवरही होता.

गंमत अशी की याच काळात दुसरेही धागे विणले जात होते. इराणला सेंट्रिफ्यूजचं, म्हणजे युरेनियम समृद्ध करणाऱ्या यंत्रांचं, तंत्रज्ञान मिळालं ते पाकिस्तानी अणुशास्त्रज्ञ अब्दुल कादीर खान यांच्या जाळ्यातून. आणि अमेरिका-इराणमध्ये राजनैतिक संबंध नसल्याने १९९२ पासून अमेरिकेतला इराणचा कारभार वॉशिंग्टनमधल्या पाकिस्तानी दूतावासाच्या छत्राखाली चालतो.

पाइपलाइनची कल्पना जुनी, मुळात भारतापर्यंत जाणारी. २००५ च्या सुमारास भारताचे पेट्रोलियममंत्री मणिशंकर अय्यर यांनी ती जोरात पुढे रेटली. पण अमेरिकेशी अणुकरार झाला, दर आणि सुरक्षेचे प्रश्न सुटेनात, आणि २००९ मध्ये भारत बाजूला झाला. इराण आणि पाकिस्तान दोघांनीच पुढे जायचं ठरवलं : दिवसाला ७५ कोटी घनफूट वायू, २५ वर्षं. २०१३ मध्ये नवाझ शरीफ सत्तेवर आले. इराणवरच्या अमेरिकी निर्बंधांचं कारण पुढे झालं. कोणतीही बँक पैसे लावायला तयार नव्हती. २०१४ च्या सुरुवातीला सौदी अरेबियाकडून पाकिस्तानला दीड अब्ज डॉलर मिळाले. पाइपलाइन रखडणं आणि हे पैसे या दोन गोष्टी जोडणारा कागद कुणी दाखवणार नाही, पण रिकाम्या तिजोरीच्या सरकारला इशारे समजतात. २०१६ मध्ये पाकिस्तानने कतारशी द्रवरूप वायूचा पंधरा वर्षांचा करार केला. कतारचं नॉर्थ फील्ड आणि इराणचं साउथ पार्स हा समुद्राखालचा एकच साठा आहे. म्हणजे त्याच साठ्यातला वायू थंड करून, जहाजात भरून कराचीला येतो. जमिनीवरून येत नाही.

सौदींचं सगळंच पाकिस्तानने ऐकलं असंही नाही. एप्रिल २०१५ मध्ये येमेनच्या युद्धात उतरायला पाकिस्तानी संसदेने नकार दिला. दोन वर्षांनी मात्र माजी लष्करप्रमुख राहील शरीफ रियाधमधल्या लष्करी आघाडीचे प्रमुख म्हणून गेले.

मार्च २०१६ ची गोष्ट मराठी वाचकाला ठाऊक असते, पण वेगळ्या कारणाने. चाबहारमध्ये व्यवसाय करणारे निवृत्त नौदल अधिकारी कुलभूषण जाधव यांच्या अटकेची घोषणा पाकिस्तानने केली, ती इराणचे अध्यक्ष हसन रूहानी इस्लामाबादला येत असताना. रूहानी आले होते व्यापाराचं बोलायला. पत्रकारांनी विचारलं भारतीय गुप्तहेरांबद्दल. जाधव यांना इराणमधून पळवून नेलं, अशी भारताची भूमिका आहे.

अधिकृत व्यापार असा अडखळत असताना सरहद्दीवर वेगळाच बाजार चालतो. इराणात डिझेल अतिशय स्वस्त. बलुचिस्तानातली मुलं ‘झंबाद’ म्हणजे इराणी बनावटीच्या निळ्या पिकअप गाड्यांत पिंपं भरून ते आणतात. दुसरा रोजगार तिथे जवळजवळ नाही, म्हणून क्वेट्टातलं प्रशासन बंदी घालतं, मग सैल करतं. ग्वादर, तुर्बत या मकरानच्या भागात वीजही इराणचीच. चीनने बंदर बांधलेल्या ग्वादरमधले दिवे शेजाऱ्याच्या विजेवर लागतात. मे २०२३ मध्ये मंद-पिशीन इथे सीमा बाजार आणि १०० मेगावॉटच्या नव्या वाहिनीचं उद्घाटन झालं. पुढच्याच महिन्यात पाकिस्तानने इराणशी वस्तुविनिमयाने व्यापार करायला परवानगी दिली, कारण डॉलरमध्ये व्यवहार करणं शक्यच नव्हतं.

१६ जानेवारी २०२४ रोजी इराणने पाकिस्तानातल्या पंजगूरजवळ क्षेपणास्त्रं डागली. लक्ष्य ‘जैश-अल-अद्ल’ ही इराणविरोधी बलुच सशस्त्र संघटना असल्याचं सांगितलं. दोन दिवसांनी पाकिस्तानने इराणमधल्या सरावानजवळ हल्ला करून बलुच बंडखोरांचे तळ उडवल्याचा दावा केला. दोन्ही देशांनी मारलं ते एकमेकांच्या सैन्याला नव्हे, एकमेकांच्या हद्दीतल्या बलुचांना. म्हणूनच महिना संपायच्या आत राजदूत परत रुजू झाले आणि इराणचे परराष्ट्रमंत्री इस्लामाबादला येऊन गेले. एप्रिलमध्ये अध्यक्ष इब्राहिम रईसी आले आणि पाच वर्षांत व्यापार दहा अब्ज डॉलरवर नेण्याचं ठरलं. पुढच्याच महिन्यात हेलिकॉप्टर अपघातात रईसींचा मृत्यू झाला.

जून २०२५ च्या इस्रायल-इराण युद्धात पाकिस्तानने इराणची बाजू घेतली, पण फक्त शब्दांत. ऑगस्टमध्ये रईसींनंतरचे इराणचे अध्यक्ष मसूद पेझेश्कियान पाकिस्तानात आले, दहा अब्जांचा आकडा पुन्हा उच्चारला गेला. १७ सप्टेंबरला पाकिस्तानचे पंतप्रधान शाहबाझ शरीफ यांनी रियाधमध्ये सौदी अरेबियाशी संरक्षण करार केला : एकावरचा हल्ला तो दोघांवरचा. काही दिवसांनी पेझेश्कियान यांनी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत या कराराचं स्वागत केलं.