हेडीसची गोम : पार्श्वभूमी

इंदुरात पावसाळ्याच्या सुरुवातीला तुळशीची कुंडी उचलली, की तिच्या ओल्या ठशात सुतळीएवढी बारीक, पिवळसर गोम हमखास सापडते. ती घाईने पळत नाही. अंग लांबवत, आखडत मातीच्या फटीत शिरते आणि वाट अडली तर न वळता तशीच मागे सरते. मोरीतून निघणारी जाडजूड घोण, जिला इथे आपण मराठी माणसेही कानखजुराच म्हणतो, ती निराळी. क्रोएशियातील वेलेबिट पर्वताच्या पोटात सापडलेली आणि 2015 मध्ये ‘जिओफिलस हेडेसी’ या नावाने वर्णन झालेली गुहावासी गोम कुंडीखालच्या या मातकट घराण्याची आहे, घोणीच्या नव्हे.

गुहेतील प्राण्यांचा अभ्यास त्याच मुलखाच्या शेजारी सुरू झाला. आजच्या स्लोव्हेनियातील पोस्तोयना गुहेत 1831 मध्ये लुका चेच या वाटाड्याला एक बिनडोळ्यांचा भुंगेरा मिळाला आणि पुढच्याच वर्षी फर्डिनांड श्मिट यांनी त्याचे शास्त्रीय वर्णन केले. पुढे 1907 मध्ये रुमानियाच्या एमिल राकोवित्सा यांनी या विषयाची सैद्धांतिक मांडणी केली आणि 1920 मध्ये क्लुज येथे गुहांसाठीची पहिली संशोधन संस्था उभी राहिली.

या दीर्घ काळात गुहांमधून गोमाही मिळत गेल्या, परंतु त्या बहुतांशी दगडाखाली राहणाऱ्या, पायांच्या पंधरा जोड्यांच्या गटातील होत्या. मातीत घुसणारा गट गुहेत कायमचा वस्तीला गेल्याची उदाहरणे फारच थोडी. फ्रान्स-स्पेनच्या सीमेवरील पिएर सें-मार्तँ गुहेतील गोमेला फोद्दाई आणि मिनेल्ली यांनी 1999 मध्ये ग्रीक पुराणातील पाताळाच्या राणीवरून ‘जिओफिलस पर्सिफोनेस’ असे नाव दिले. सोळा वर्षांनी पावेल स्टोएव्ह आणि सहकाऱ्यांनी वेलेबिटमधील गोमेसाठी तिच्या पतीचे, हेडीसचे, नाव निवडले. लग्न उशिरा जमले, एवढेच. 1431 मीटर खोल असलेल्या ‘लुकिना यामा-त्रोयामा’ या गुहासंकुलात ही गोम 1100 मीटर खोलीपर्यंत आढळली. लुकिना यामा हे नाव युद्धात मारल्या गेलेल्या ओझ्रेन लुकिच या गुहाप्रेमी तरुणाचे आहे.

आता खरी गोम अशी, की अंधारात राहून हिचे डोळे गेले हे सहज सुचणारे विधान येथे चुकीचे ठरते. मातीतल्या या संपूर्ण गटालाच डोळे नसतात. कुंडीखालची गोमसुद्धा आंधळीच असते. म्हणून अभ्यासकांना पुरावा अन्यत्र शोधावा लागला आणि तो मिळाला फिकट त्वचेत, लांबलेल्या शृंगिकांत, म्हणजे डोक्यावरच्या स्पर्शमिशांत, शरीराच्या लांबट खंडांत आणि पायांच्या लांब नख्यांत. मातीत घुसणाऱ्याला अशी लांबी ही अडचणच. मोकळ्या खडकावर चाचपडत भक्ष्य हुडकणाऱ्याला मात्र तीच सोय. 2020 मध्ये रुमानियातील मोविले गुहेतून वर्णन झालेली ‘क्रिप्टॉप्स स्पेलिओरेक्स’ हीसुद्धा मुळातच बिनडोळ्यांच्या कुळातली आहे.

आपल्याकडे गुहा म्हटले की इंदूरकराला आधी बाघ आठवते, पण ती माणसाने वालुकाश्मात कोरलेली लेणी आहेत. चुनखडीची खरी नैसर्गिक गुहा पाहायची, तर बस्तरमधील कोटुमसरकडे पाहावे लागते. 2000 सालापर्यंत ती मध्य प्रदेशातच मोडत होती. तेथील लहानशा माशाचे ‘इंडोरिओनेक्टिस’ हे नाव वाचून छाती फुगवण्याचे कारण नाही. त्यात ‘इंडो’ आणि ‘ओरिओनेक्टिस’ हे दोन शब्द आहेत, इंदूर नाही. तरीही तुलनेला तो उपयोगी पडतो. त्याचे डोळस, रंगीत भाईबंद बाहेरच्या ओढ्यांत आजही पोहतात, त्यामुळे गुहेत डोळे किती खुजे झाले आणि रंग किती उडाला हे दोघांना शेजारी ठेवून पाहता येते. गोमेच्या बाबतीत तसे शेजारी ठेवायला डोळेच नाहीत, मोजायच्या त्या शृंगिका.