डोळ्यात मुरलेलं लोखंड आणि केसपेपरवरचा कोड : पार्श्वभूमी

बेळगावच्या उद्यमबागेत आणि मच्छेत फाउंड्र्या, मशीन शॉप आहेत. येळ्ळूर, अनगोळ, खानापूरकडची आपली मराठी पोरं तिथे ग्राइंडिंगला, फेटलिंगला (ओतलेल्या भागांच्या कडा साफ करायला) उभी असतात. ‘डोळ्यात कण गेला’ हे तिथे नेहमीचंच. बहुतेक कण वरच्यावर अडकतात आणि निघतात. पण छिन्नीवर घाव बसताना उडालेली कपची कधीकधी डोळ्याच्या आत शिरते. जखम एवढीशी असते की दोन दिवसांत दुखणं थांबतं आणि माणूस कामावर परततो. आत राहिलेलं लोखंड मात्र विरघळून पेशींत मुरत जातं. काही महिन्यांनी, कधी काही वर्षांनी बुबुळ तपकिरी दिसू लागतं, बाहुली मोठी राहते, रात्रीचं दिसणं कमी होतं, मोतीबिंदू येतो. याला सिडेरोसिस म्हणतात. तांब्यामुळे असंच झालं तर चाल्कोसिस. तांबं जवळजवळ शुद्ध असेल तर डोळा लगेच भडकतो. पितळेसारख्या मिश्रधातूत ते हळूहळू साचतं.

डॉक्टरांनी या दुखण्याकडे पाहिलं ते लोहचुंबक हातात घेऊन. बर्लिनच्या हिर्शबर्ग यांनी १८७९मध्ये विद्युतचुंबकाने डोळ्यातलं लोखंड ओढून काढलं. झुरिकच्या हाब यांनी १८९२मध्ये त्यासाठी अवजड चुंबक आणला. १८९५मध्ये क्ष-किरण सापडले आणि न दिसणारा कणही दिसू लागला. तेव्हा शल्यविशारदाचा पहिला प्रश्न एकच असे : कण चुंबकाला लागतो की नाही? केसपेपरवर आजारापुढे कोड लिहितात तो जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीतून (आयसीडी) येतो. माझ्या मते त्या प्रश्नाची खूण यादीच्या दहाव्या आवृत्तीतल्या कोडमध्येही उरली आहे. डोळ्यात जुना राहिलेला चुंबकीय कण म्हणजे एच४४.६, अचुंबकीय म्हणजे एच४४.७.

कोडचा वंश मात्र वेगळा आहे. या यादीचं मूळ म्हणजे फ्रान्सचे संख्याशास्त्रज्ञ बर्तियों यांची १८९३ची यादी, आणि ती मृत्यूच्या कारणांची होती. डोळा गेल्याने सहसा कुणी मरत नाही, त्यामुळे असल्या दुखण्याचा बारीक तपशील तिथे अपेक्षित नव्हता. १९४८च्या सहाव्या आवृत्तीपासून यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि तिच्यात आजार व इजाही आल्या. १९९०मध्ये मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीत लोखंड आणि तांबं दोन्ही एच४४.३ या एकाच खणात आहेत, ‘नेत्रगोलाचे इतर ऱ्हासविकार’ म्हणून. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५पासून वापरात आणलेल्या रूपात ते वेगळे झाले : चाल्कोसिस एच४४.३१, सिडेरोसिस एच४४.३२, आणि पुढचा आकडा उजवा, डावा की दोन्ही डोळे हे सांगतो. नेटवर शोधलं की हीच लांब रूपं पुढे येतात. इथल्या केसपेपरवर कोणती आवृत्ती वापरली आहे, ते आधी बघावं.

कामगाराचं खरं नुकसान होतं ते नुसतं ‘मोतीबिंदू’ लिहिल्याने. मोतीबिंदूचा कोड वयानेही लागतो. त्यातून कारखाना दिसत नाही. ताज्या जखमेला एस०५.५, पुढे आत राहिलेल्या कणाला एच४४.६, मुरलेल्या लोखंडाला एच४४.३ अशी साखळी कागदावर असली, तर बेळगावहून मिरजेला किंवा कोल्हापूरला गेलेल्या पेशंटची हकीकत कोणत्याही भाषेच्या डॉक्टरला कळते. एमआरआय करण्याआधी तर ती कळायलाच हवी, कारण त्या यंत्राच्या चुंबकाने आतला कण हलून डोळा कायमचा जाऊ शकतो.

भरपाईचंही तसंच. १९२३च्या कामगार भरपाई कायद्याने दुसरा डोळा चांगला असताना एका डोळ्याची दृष्टी गेली तर कमाईची ३० टक्के क्षमता गेली असं धरलं, पण दाव्याला अपघातापासून दोन वर्षांची मुदत ठेवली. लोखंड मुरायला त्याहून जास्त काळ लागू शकतो. सबळ कारण असेल तर उशीर माफ करण्याचा अधिकार त्याच कायद्याने आयुक्तांना दिला. ते कारण दाखवायला पहिल्या दिवसाचा कागद आणि त्यावरची एस०५.५ची नोंद कामी येते.