टोंकिन आखात ठराव

टोंकिन आखात ठराव हा अमेरिकेच्या काँग्रेसने ७ ऑगस्ट १९६४ रोजी संमत केलेला संयुक्त ठराव आहे. आग्नेय आशियात सशस्त्र बळ वापरण्याची मोकळीक राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांना या ठरावाने मिळाली. पुढे युद्धाची औपचारिक घोषणा कधीच झाली नाही, तरी अमेरिका व्हिएतनाम युद्धात पुरती उतरली. त्या युद्धात ५८,००० हून अधिक अमेरिकन सैनिक मरण पावले आणि व्हिएतनामी मृतांची गणती तर लाखांत करावी लागते. समुद्रातल्या ज्या दोन घटनांच्या आधारे ठराव मांडला गेला, त्यांतली दुसरी घडलीच नव्हती. या प्रकरणात खोटेपणाची चर्चा फार झाली, पण घाईची त्या मानाने कमी झाली. वास्तविक घाईनेच जास्त घात केला.

अमेरिकेच्या राज्यघटनेच्या पहिल्या अनुच्छेदातील आठव्या कलमानुसार युद्ध पुकारण्याचा अधिकार काँग्रेसचा आहे, तर दुसऱ्या अनुच्छेदानुसार राष्ट्राध्यक्ष हा सैन्याचा सरसेनापती आहे. या दोन अधिकारांमधली सीमारेषा नेमकी कुठे, हा वाद जुनाच आहे. काँग्रेसने रीतसर युद्ध पुकारले ते शेवटचे १९४२ मध्ये. १९५० साली ट्रुमन यांनी काँग्रेसची मंजुरी न घेता कोरियात सैन्य धाडले आणि युद्ध रेंगाळले तेव्हा सगळा दोष त्यांच्या एकट्याच्या माथी आला. जॉन्सन त्या काळात सिनेटमध्ये होते आणि हे सारे त्यांनी जवळून पाहिले होते. आयझेनहॉवर यांनी १९५५ मध्ये फॉर्मोसासाठी (म्हणजे तैवानसाठी) आणि १९५७ मध्ये मध्यपूर्वेसाठी काँग्रेसकडून आधीच ठराव करून घेतले, तेव्हा सिनेटमधील डेमोक्रॅटिक पक्षाचे नेतेपद जॉन्सन यांच्याकडेच होते. व्हिएतनामसाठीही तसाच ठराव हवा, हे त्यांनी मनाशी धरले होते. परराष्ट्र खात्यात विल्यम बंडी यांनी त्याचा मसुदा मे-जून १९६४ मध्येच तयार केला होता. मसुदा तयार होता, फक्त निमित्त मिळायचे होते.

४ ऑगस्टची रात्र

जुलैच्या अखेरीस दक्षिण व्हिएतनामी कमांडोंच्या बोटींनी उत्तरेकडील होन मे आणि होन न्गू या बेटांवर हल्ले केले. ही गुप्त मोहीम अमेरिकेने आखलेली होती आणि बोटीही तिनेच पुरवल्या होत्या. त्याच सुमारास ‘मॅडॉक्स’ ही अमेरिकन विनाशिका उत्तर व्हिएतनामची रडार केंद्रे आणि बिनतारी संदेश टिपत उत्तर व्हिएतनामलगतच्या टोंकिनच्या आखातात फिरत होती. २ ऑगस्टला दुपारी उत्तर व्हिएतनामच्या तीन टॉर्पेडो नौका तिच्यावर चालून आल्या. त्यांचा एकही टॉर्पेडो लागला नाही. मॅडॉक्सवर मशीनगनच्या एकाच गोळीची खूण सापडली. अमेरिकन विमानांनी आणि तोफांनी तिन्ही नौकांचे नुकसान केले. ही चकमक खरी होती, हे दोन्ही देश मान्य करतात. जॉन्सन यांनी तेव्हा प्रतिहल्ला केला नाही. मॅडॉक्सच्या सोबतीला ‘टर्नर जॉय’ ही दुसरी विनाशिका देऊन गस्त मात्र चालू ठेवली.

४ ऑगस्टच्या रात्री आभाळ भरून आले होते, चंद्र नव्हता आणि समुद्र खवळलेला होता. रडारच्या पडद्यावर ठिपके उमटत आणि नाहीसे होत. मॅडॉक्सच्या सोनारवर, म्हणजे पाण्याखालचे आवाज टिपणाऱ्या यंत्रावर, बसलेल्या नौसैनिकाने वीसहून अधिक टॉर्पेडो आल्याचे कळवले. शेजारच्या टर्नर जॉयच्या सोनारला मात्र एकही ऐकू आला नाही. टॉर्पेडो चुकवण्यासाठी मॅडॉक्स वेडीवाकडी वळत होती आणि दर वळणाला तिच्याच पंख्यांचा आवाज सुकाणूवर आपटून सोनारमध्ये परत येत होता. दोन्ही जहाजांनी अंधारात शेकडो गोळे झाडले. वरून जेम्स स्टॉकडेल हे वैमानिक दीड तासाहून अधिक काळ घिरट्या घालत होते. त्यांना शत्रूची नौका दिसली नाही, आगीची ठिणगी दिसली नाही आणि पाण्यावर नौकेमागे उमटणारी फेसाची रेघही दिसली नाही. तिथे आपल्याच दोन जहाजांखेरीज काही नव्हते, असे त्यांनी पुढे लिहून ठेवले.

ताफ्याचे प्रमुख कॅप्टन जॉन हेरिक यांनी काही तासांतच शंका कळवली. नोंदवलेले बरेचसे टॉर्पेडो संशयास्पद वाटतात, विचित्र हवामानाचा रडारवर झालेला परिणाम आणि सोनारवरच्या मंडळींची अतिउत्सुकता यांमुळे असे झाले असावे, मॅडॉक्सवरून प्रत्यक्ष कोणालाच काही दिसलेले नाही, तेव्हा पुढचे पाऊल उचलण्याआधी पूर्ण पडताळणी करावी, असा त्यांच्या तारेचा आशय होता. नंतरच्या संदेशांत त्यांचा सूर काहीसा बदलला. तरीही साऱ्या प्रकरणात एवढी सरळ आणि वेळेवर लिहिलेली दुसरी ओळ सापडत नाही. आखातात रात्र तेव्हा वॉशिंग्टनमध्ये दिवस, त्यामुळे ही तार पोचली ती प्रतिहल्ल्याची तयारी जोरात चालू असताना. संरक्षणमंत्री रॉबर्ट मॅक्नामारा यांनी हल्ला झाल्याची खात्री मागवली. पॅसिफिक मुख्यालयाने पकडलेल्या एका बिनतारी संदेशाच्या आधारावर ती दिली. त्या संदेशाचा संबंध मुळात २ ऑगस्टच्या चकमकीशी होता, असे नंतरच्या तपासातून पुढे आले.

रात्री साडेअकराच्या सुमारास जॉन्सन दूरचित्रवाणीवर आले आणि प्रतिहल्ला सुरू झाल्याचे त्यांनी देशाला सांगितले. विमानांच्या ६४ फेऱ्यांमध्ये उत्तर व्हिएतनामचे नौदल तळ आणि विन्ह येथील तेलसाठे बाँबखाली आले. दोन अमेरिकन विमाने पडली. एका विमानाचे वैमानिक एव्हरेट अल्वारेझ जिवंत हाती लागले आणि उत्तर व्हिएतनामच्या कैदेत गेलेले पहिले अमेरिकन वैमानिक ठरले. काही दिवसांनी जॉन्सन यांनीच खासगीत ‘ते खलाशी उडत्या माशांवर गोळ्या झाडत होते’ अशा आशयाचे उद्गार काढले, अशी आठवण परराष्ट्र खात्याचे उपमंत्री जॉर्ज बॉल यांनी सांगितली आहे.

दोन दिवसांत मंजुरी

ठराव ५ ऑगस्टला काँग्रेसपुढे आला. पहिल्या कलमात अमेरिकन सैन्यावरील सशस्त्र हल्ला परतवण्यासाठी आणि पुढील आक्रमण रोखण्यासाठी ‘सर्व आवश्यक उपाय’ योजण्याच्या राष्ट्राध्यक्षांच्या निर्धाराला पाठिंबा होता. दुसऱ्या कलमाने आग्नेय आशिया संरक्षण कराराखालील कोणत्याही देशाला सशस्त्र मदत देण्याची वाट मोकळी केली. तिसऱ्या कलमानुसार शांतता प्रस्थापित झाल्याचे राष्ट्राध्यक्षांना वाटेल तेव्हा ठराव संपणार होता. काँग्रेसलाही तो आधी रद्द करता येणार होता. तारखेची मुदत त्यात कुठेच नव्हती.

प्रतिनिधिगृहात जेमतेम ४० मिनिटे चर्चा झाली आणि विरोधात एकही मत पडले नाही. सिनेटमध्ये ठराव मांडण्याची जबाबदारी परराष्ट्र व्यवहार समितीचे अध्यक्ष विल्यम फुलब्राइट यांनी घेतली. निवडणूक तीन महिन्यांवर होती, रिपब्लिकन उमेदवार बॅरी गोल्डवॉटर युद्धखोर मानले जात होते आणि जॉन्सन हे त्यांच्या मानाने संयमी आहेत, अशी फुलब्राइट यांची मनापासून समजूत होती. त्या दोन दिवसांतली त्यांची उत्तरे पुन्हा पुन्हा वाचावीत अशी आहेत. राष्ट्राध्यक्षांना युद्धाकडे नेईल एवढे बळ वापरावेसे वाटले, तर तोही अधिकार यात येतो का, असे केंटकीचे जॉन शर्मन कूपर यांनी विचारले. आपण तसाच अर्थ लावू, असे फुलब्राइट म्हणाले. यामुळे मोठे भूदल उतरवता येईल का, हा मेरीलँडचे डॅनियल ब्रूस्टर यांचा प्रश्न. तसे व्हावे अशी आपली मुळीच इच्छा नाही, मात्र ठरावाची भाषा त्याला अडवत नाही, हे फुलब्राइट यांचे उत्तर. विस्कॉन्सिनचे गेलॉर्ड नेल्सन यांनी आणलेली मर्यादा घालणारी दुरुस्तीही त्यांनी परतवली. धोका शब्दांत मांडून झाला होता. सर्वांनी तो ऐकला आणि जवळजवळ सर्वांनी मते बाजूने दिली.

ठरावाला ८८ मते पडली; विरोधात दोन. त्यांतले एक ऑरेगनचे वेन मोर्स. पेंटागॉनमधल्या कोणीतरी फोन करून त्यांना मॅडॉक्सच्या नोंदवह्या मागायला आणि गस्तीचा खरा हेतू विचारायला सुचवले होते. मोर्स यांनी बंद दाराआडच्या सुनावणीत बेटांवरील हल्ल्यांविषयी थेट विचारले. आपल्या नौदलाचा त्यांच्याशी काही संबंध नव्हता आणि असे हल्ले झाले असलेच तर नौदलाला त्यांची माहितीही नव्हती, असे मॅक्नामारा यांनी ठणकावून सांगितले. हे खरे नव्हते. दुसरे मत अलास्काचे अर्नेस्ट ग्रीनिंग यांचे. जे युद्ध आपले नाही त्यात आपली मुले पाठवली जात आहेत, असे ते बोलून दाखवत होते. हे दोघेही १९६८ मध्ये सिनेटमधून बाहेर पडले. ग्रीनिंग पक्षांतर्गत निवडणुकीत हरले, तर मोर्स सार्वत्रिक निवडणुकीत.

ठरावाचा वापर

नोव्हेंबर १९६४ मध्ये जॉन्सन प्रचंड मताधिक्याने निवडून आले. मार्च १९६५ मध्ये उत्तरेवर सलग बाँबफेक सुरू झाली आणि ८ मार्चला दक्षिण व्हिएतनाममधील दा नांगच्या किनाऱ्यावर अमेरिकेचे मरीन सैनिक उतरले. जुलैअखेर सैन्य ७५,००० वरून १,२५,००० करण्याची घोषणा झाली. एप्रिल १९६९ मध्ये हा आकडा ५,४३,००० वर पोचला होता. कोणी आक्षेप घेतला की जॉन्सन ठरावाची प्रत काढून दाखवत. ऑगस्ट १९६७ मध्ये उपपरराष्ट्रमंत्री निकोलस कॅट्झनबाख यांनी सिनेटच्या समितीपुढे हा ठराव व्यवहारात युद्धघोषणेच्याच तोडीचा असल्याचे सांगितले, तेव्हा अनेक सिनेटर संतापले.

फुलब्राइट यांना आपली चूक फार लवकर कळली आणि ती त्यांनी उघडपणे मान्य केली. फेब्रुवारी १९६६ मध्ये त्यांच्या समितीने युद्धावर जाहीर सुनावण्या घेतल्या आणि त्या दूरचित्रवाणीवरून घराघरांत पोचल्या. सोव्हिएत संघाला आवर घालण्याच्या धोरणाचे जनक जॉर्ज केनन यांनी तिथे येऊन अमेरिकेचे व्हिएतनाममध्ये गुंतणे अनाठायी असल्याचे सांगितले. एका वाहिनीने केनन यांची साक्ष न दाखवता जुन्या विनोदी मालिका लावल्या, म्हणून तिच्या वृत्तविभागाच्या प्रमुखाने राजीनामा दिला. पण बोलणे वेगळे आणि मत देणे वेगळे. १ मार्च १९६६ रोजी मोर्स यांनी ठराव रद्द करण्याचा प्रस्ताव आणला आणि सिनेटने तो ९२ विरुद्ध ५ मतांनी बाजूला सारला. सैन्य रणांगणात असताना त्याच्या पायाखालची सतरंजी ओढल्याचा आरोप अंगावर घ्यायला कोणी तयार नव्हते. दोनाचे पाच व्हायला दीड वर्ष लागले होते.

भारताचा या घटनांशी संबंध दोन बाजूंनी आला. व्हिएतनामची उत्तर-दक्षिण विभागणी करणाऱ्या १९५४ च्या जिनिव्हा करारांनी नेमलेल्या आंतरराष्ट्रीय देखरेख आयोगाचे अध्यक्षपद भारताकडे होते. कॅनडा आणि पोलंड हे इतर सदस्य. याच आयोगातील कॅनडाचे प्रतिनिधी ब्लेअर सीबॉर्न यांच्यामार्फत ऑगस्ट १९६४ मध्ये अमेरिकेने उत्तर व्हिएतनामची राजधानी हनोईला इशारा पोचवला. दुसरा धागा धान्याचा. भारताने बाँबफेकीवर टीका केली, ती जॉन्सन यांना झोंबली. पी.एल. ४८० या अमेरिकेच्या अन्नमदत कायद्याखालचा गहू त्यांनी १९६५ ते १९६७ या टंचाईच्या काळात थोडा थोडा, महिन्यागणिक अडवून सोडला. त्यामागे भारताच्या शेतीधोरणात बदल घडवण्याचा हेतूही होता. रेशनच्या दुकानातला अमेरिकन लाल गहू खाल्लेल्या आपल्याकडच्या पिढीला पी.एल. ४८० हे नाव ठाऊक असते. त्या गव्हाच्या बोटी उशिरा सुटण्यामागे व्हिएतनामवरून आलेली नाराजीही होती, हे मात्र सहसा सांगितले जात नाही.

रद्द होणे आणि नंतर

जानेवारी १९६८ च्या अखेरीस उत्तर व्हिएतनाम आणि दक्षिणेतील कम्युनिस्ट बंडखोर यांनी केलेल्या टेट आक्रमणानंतर ‘युद्ध आटोक्यात येत आहे’ या सरकारी सुरावरचा विश्वास उडाला. ३१ मार्चला जॉन्सन यांनी आपण पुन्हा उभे राहणार नसल्याचे जाहीर केले. रिचर्ड निक्सन यांनी एप्रिल १९७० च्या अखेरीस कंबोडियात सैन्य घुसवले. निदर्शनांनी देश पेटला आणि ४ मे रोजी केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्डच्या गोळीबारात चार विद्यार्थी मारले गेले. जूनमध्ये सिनेटने ८१ विरुद्ध १० मतांनी ठराव रद्द करण्याच्या बाजूने कौल दिला आणि जानेवारी १९७१ मध्ये निक्सन यांच्या सहीने तो रद्द झाला. युद्ध तरीही चालूच राहिले. सरसेनापती म्हणून आपले अधिकार पुरेसे आहेत, या ठरावाची आपल्याला गरज नाही, अशी निक्सन यांची भूमिका होती. ५ ऑगस्ट १९६४ रोजी पकडले गेलेले अल्वारेझ सुटले ते थेट फेब्रुवारी १९७३ मध्ये, आठ वर्षांहून अधिक कैदेनंतर.

त्याच वर्षी ७ नोव्हेंबरला काँग्रेसने निक्सन यांचा नकाराधिकार ओलांडून युद्धाधिकार कायदा केला. सैन्य लढाईत उतरवल्यास राष्ट्राध्यक्षांनी ४८ तासांत काँग्रेसला कळवावे आणि मंजुरी न मिळाल्यास साधारण ६० दिवसांत ते मागे घ्यावे, असा त्याचा गाभा आहे. नंतरच्या राष्ट्राध्यक्षांनी हा कायदा आपल्यावर बंधनकारक असल्याचे मनापासून कधी मानले नाही.

मॅक्नामारा १९९५ मध्ये हनोईला गेले आणि ४ ऑगस्टला काय झाले होते, असे त्यांनी युद्धकाळातले उत्तर व्हिएतनामचे संरक्षणमंत्री जनरल व्हो न्गुयेन ज्याप यांना विचारले. काहीच नाही, असे उत्तर मिळाले. २००५ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेने आपल्याच इतिहासकाराचा गोपनीय अभ्यास खुला केला. त्या रात्री हल्ला झाला नव्हता आणि हल्ल्याला पुष्टी देणारे तेवढेच संदेश निवडून वर पाठवले गेले, असा त्याचा निष्कर्ष आहे.

सप्टेंबर २००१ मध्ये न्यूयॉर्क आणि वॉशिंग्टनवरील हल्ल्यांनंतर तीन दिवसांत बळाच्या वापराला मंजुरी देणारा नवा ठराव काँग्रेसपुढे आला. त्यालाही मुदत नव्हती. सिनेटमध्ये विरोधात एकही मत पडले नाही. प्रतिनिधिगृहात ४२० विरुद्ध १ अशी मते पडली. ते एक मत कॅलिफोर्नियाच्या बार्बरा ली यांचे होते आणि त्यांनी त्यासाठी हवाला दिला तो १९६४ च्या वेन मोर्स यांचा.